हप्ता थकला एकाचा, भुर्दंड साऱ्या गल्लीला

७८३. अमेरिकेतल्या क्लीव्हलँड शहरात, ४४१०५ या एकाच पिनकोडमध्ये, २००७ सालच्या एका तिमाहीत घरजप्तीची इतकी प्रकरणं दाखल झाली. म्हणजे दिवसाला सरासरी आठ ते नऊ. त्या तिमाहीत देशातल्या दुसऱ्या कोणत्याही पिनकोडमध्ये इतकी प्रकरणं नव्हती. स्लाव्हिक व्हिलेज ही पोलिश आणि चेक कामगारांनी पोलाद कारखान्यांच्या आसऱ्याने वसवलेली जुनी वस्ती याच भागात येते.

ज्या गृहकर्जांपायी ही घरं जप्त होत होती, त्यांतल्या अनेकांची मेख व्याजदरात होती. पहिली दोन वर्षं दर स्थिर, पुढे बदलता. उदाहरणादाखल हिशेब करू. एक लाख डॉलर, मुदत ३० वर्षं, व्याज ७ टक्के. महिन्याचा हप्ता ६६५ डॉलर. दोन वर्षांनी दर १० टक्क्यांवर गेला, की तोच हप्ता ८७० च्या आसपास. पगार मात्र तेवढाच.

घर रिकामं झालं की भंगारचोर येत. तांब्याचे पाइप उपटले जात, भिंतींवरचे ॲल्युमिनियमचे पत्रे सोलले जात. पाणी बंद केलेलं नसेल तर तळघर भरून जाई. अशा घराला खेटून राहणाऱ्या, एकही हप्ता न चुकवलेल्या माणसाच्या घराची किंमतही उतरे. विकून जावं तर गिऱ्हाईक नाही, राहावं तर शेजारी आगीची भीती. जप्तीच्या आकड्यांत हा माणूस कुठेच मोजला जात नाही, आणि मला सगळ्यात जास्त खुपतं ते हेच.

शहराची लोकसंख्या २००० साली ४,७८,४०३ होती, २०१० साली ३,९६,८१५. कारखाने आधीपासूनच बंद पडत होते, त्यामुळे ही १७ टक्क्यांची घट एकट्या जप्तीच्या माथी मारता येणार नाही. पण जप्तीने ओहोटीला जोर दिला.

शहर गप्प बसलं नव्हतं. लुबाडणाऱ्या कर्जांना आळा घालणारा नियम त्याने २००२ मध्ये केला; राज्याच्या कायद्याशी विसंगत म्हणून ओहायोच्या सर्वोच्च न्यायालयाने तो २००६ मध्ये रद्द केला. जानेवारी २००८ मध्ये महापौर फ्रँक जॅक्सन यांच्या काळात शहराने २१ बँका व वित्तसंस्थांवर सार्वजनिक उपद्रवाचा दावा लावला. बँकांचं कृत्य आणि शहराचं नुकसान यांचा थेट संबंध लागत नाही, असं म्हणत अपील न्यायालयानेही २०१० मध्ये तो फेटाळला. पडीक घरं पाडण्याच्या खर्चाचा मोठा वाटा शेवटी सरकारी तिजोरीवरच पडला.