दोन भिंगं आणि एक थांबा

चित्रपटात आठवण कशी येते, ते आपल्याला पाठ आहे. नायिका खिडकीबाहेर बघते, पडदा धूसर होतो आणि आपण वीस वर्षं मागे जातो. पण श्रोतेहो, आपल्याला आठवण अशी येते का? कर्जत स्थानकात गाडीची वाट पाहताना समोरचा फलाट दिसत असतो आणि सकाळी घरात झालेलं भांडणही. मध्ये काही धूसर होत नाही.

मणि कौल (१९४४-२०११) या दिग्दर्शकानं हीच गोष्ट धरून ठेवली. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ते ऋत्विक घटकांचे विद्यार्थी. १९६९ साली त्यांनी मोहन राकेश यांच्या कथेवर 'उसकी रोटी' काढला. बालो ही पंजाबातली बाई बसचालक नवऱ्याची रोटी घेऊन थांब्यावर उभी राहते, एवढीच गोष्ट. आपल्या खोपोली रस्त्यावरही घडावी अशी.

यात कॅमेरामन के. के. महाजन यांच्यासह कौल यांनी दोनच भिंगं वापरली. २८ मिलिमीटरचं भिंग जवळचं, लांबचं सारं स्वच्छ दाखवतं. १३५चं भिंग दूरचं जवळ ओढतं, मधलं अंतर चपटं करतं, बाकीचं पुसून टाकतं. पावसाची सर ओसरल्यावर चौकहून प्रबळगड एकदम अंगावर आल्यासारखा वाटतो ना, तसं काहीसं. सुरुवातीला एक भिंग बालोच्या प्रत्यक्ष जगण्यासाठी आणि दुसरं तिच्या मनातल्यासाठी, अशी वाटणी होती. पुढे कौल ती मोडतात. मग नवरा खरंच आला की तिला आला असं वाटलं, हे आपलं आपण ठरवायचं. फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनच्या पैशातून असलं काही कशाला, असा गदारोळ तेव्हा झाला होता. पहिला अर्धा तास मलाही जड गेला. नंतर मात्र बालोबरोबर मीच थांब्यावर उभा होतो.

भिंगांनी जे साधलं, ते कौल यांना पुढे संगीतात भेटलं, आणि तेही आपल्या शेजारी. खालापूरहून जुन्या महामार्गानं पनवेलकडे निघालं की पळस्पे लागतं. तिथे रुद्रवीणावादक उस्ताद झिया मोहिउद्दीन डागर यांचं गुरुकुल. कौल या उस्तादांकडे ध्रुपद शिकले. १९८२च्या 'ध्रुपद' या माहितीपटात हे उस्ताद आणि त्यांचे गायक बंधू झिया फरीदुद्दीन दोघंही आहेत. वीणेची तार ओढून घेतलेली मींड ऐका. एक स्वर कुठे संपला आणि दुसरा कुठे सुरू झाला, ते बोट ठेवून दाखवता येत नाही. कौल यांच्या चित्रपटात आत्ताचं आणि आठवणीतलं अगदी तसंच एकमेकांत सरकतं. या माहितीपटाच्या शेवटी कॅमेरा मुंबईच्या छपरांवरून न तुटता सावकाश फिरत राहतो, तो आलापच म्हणा.

१९८९च्या 'सिद्धेश्वरी'त तर मीता वशिष्ठ ठुमरीगायिका सिद्धेश्वरी देवींची भूमिका करते आणि अखेर टीव्हीवर खऱ्या सिद्धेश्वरी देवींना गाताना बघत बसते.

घरी बघणार असाल तर सुरुवात 'ध्रुपद'पासून करा. तासाभराहून थोडा मोठा आहे. आणि फोन दुसऱ्या खोलीत ठेवा.