रिकाम्या घरांचें कोष्टक

रसायनशास्त्राच्या प्रयोगशाळेंत भिंतीवर बहुधा एक मोठा तक्ता टांगलेला असतो. उभ्या-आडव्या रेघांनीं त्याचीं लहान लहान घरें पाडलेलीं असतात, आणि प्रत्येक घरांत एकेका मूलद्रव्याचें चिन्ह व क्रमांक लिहिलेला असतो. आज अशीं ११८ घरें भरलेलीं आहेत. नवख्या माणसास हा तक्ता पाढ्यांच्या पुस्तकासारखा रुक्ष वाटतो. परंतु ज्यानें तो मांडला त्यानें त्यांत जें लिहिलें, त्यापेक्षां जें लिहावयाचें राखून ठेवलें, त्यामुळेंच या तक्त्यास जगांत प्रतिष्ठा मिळाली.

ज्याचें रासायनिक क्रियेनें आणखी साध्या द्रव्यांत पृथक्करण करतां येत नाहीं, तें मूलद्रव्य. पाण्यापासून हायड्रोजन व ऑक्सिजन निघतात. सोन्यापासून मात्र सोन्यावांचून दुसरें कांहींच निघत नाहीं. १८६९ सालापर्यंत अशीं ६३ मूलद्रव्यें माहीत झालीं होतीं, आणि त्यांत कांहीं कुळें स्पष्ट दिसत होतीं. लिथियम, सोडियम व पोटॅशियम हे धातु इतके मऊ कीं ते सुरीनें कापतां येतात. पाण्यांत पडतांच ते हायड्रोजन वायु सोडूं लागतात. क्लोरिन, ब्रोमिन व आयोडिन यांचें कुळ वेगळें. पहिल्या कुळांतील धातूंशीं संयोग पावून तीं क्षार बनवितात. स्वयंपाकघरांतील मीठ हें सोडियम व क्लोरिन यांचें, म्हणजे या दोन कुळांच्या सोयरिकीचेंच फळ होय. परंतु या सर्व कुळांना एकत्र गोंवणारें सूत्र कोणतें, हें कोणास उमगत नव्हतें.

सूत्राचा धागा अणुभारांत होता. हायड्रोजनच्या अणूच्या मानानें दुसऱ्या मूलद्रव्याचा अणु किती पट जड आहे, हें स्थूलमानानें सांगणारी संख्या म्हणजे अणुभार. लंडन येथील जॉन न्यूलंड्स यानें १८६५ सालीं मूलद्रव्यें अणुभाराच्या क्रमानें मांडलीं. तेव्हां त्यास असें आढळलें कीं, सप्तक संपल्यावर जसा पुन्हां षड्‌ज येतो, तसें दर आठवें मूलद्रव्य पहिल्यासारखें असतें. पण त्यानें कोष्टकांत एकही जागा मोकळी सोडली नाहीं. त्यामुळें पुढें पुढें विजोड मूलद्रव्यें एका पंक्तीस बसलीं. १८६६ सालीं केमिकल सोसायटीच्या सभेंत, ‘आपण वर्णानुक्रमानें मांडणी करून पाहिली आहे काय?’ अशा अर्थाचा प्रश्न विचारून एका विद्वानानें त्याची थट्टा केली.

सेंट पीटर्सबर्ग येथील प्राध्यापक द्मित्री मेंडेलीव्ह यानें १८६९ सालीं हीच वाट धरली. पण जेथें गुणांचा मेळ बसेना, तेथें त्यानें घर रिकामें सोडलें. त्या वेळीं अणुभाराच्या क्रमांत जस्तानंतर आर्सेनिक येत असे. केवळ क्रम पाळला असता, तर आर्सेनिक ॲल्युमिनियमच्या खालीं बसलें असतें. परंतु त्याचे गुण फॉस्फरसच्या कुळाचे. म्हणून मेंडेलीव्हनें त्यास फॉस्फरसखालीं नेलें, आणि मध्यें दोन घरें राखून ठेवलीं.

१८७१ सालीं त्यानें आणखी मोठें धाडस केलें: न सांपडलेल्या तीन मूलद्रव्यांचे गुणच त्यानें लिहून काढले. त्यांच्या तात्पुरत्या नांवांसाठीं त्यानें संस्कृत भाषेंतील ‘एक’ हा शब्द घेतला. बोरॉन, ॲल्युमिनियम व सिलिकॉन यांच्या पुढील पहिलें घर, म्हणून एक-बोरॉन, एक-ॲल्युमिनियम व एक-सिलिकॉन. त्याची रीत शेजाऱ्यांवरून अनुमान करण्याची होती. रिकाम्या घराच्या वर सिलिकॉन, अणुभार २८. खालीं कथील, अणुभार ११८. दोहोंची सरासरी ७३. डाव्या-उजव्या शेजाऱ्यांचाही विचार करून त्यानें ७२ हा आंकडा ठरविला. यांतील एकही भाकीत साफ चुकतें, तर सारें कोष्टक हास्यास्पद ठरलें असतें.

कसोटीची वेळ १८७५ सालीं आली. लकॉक द ब्वाबोद्रां या फ्रेंच शास्त्रज्ञास जस्ताच्या खनिजांत एक नवा धातु आढळला. त्यास त्यानें गॅलियम हें नांव दिलें. हेंच आपलें एक-ॲल्युमिनियम, असें मेंडेलीव्हनें ओळखलें. परंतु फ्रेंच शास्त्रज्ञानें त्याची घनता ४.७ मोजली होती. मेंडेलीव्हचें गणित ५.९ सांगत होतें. ज्यानें तो धातु कधीं हातांत धरला नव्हता, त्यानें तो शोधून काढणाऱ्यास पुन्हां मोजण्याविषयीं कळविलें! धातु अधिक शुद्ध करून मोजतां घनता ५.९ भरली. हा धातु सुमारें ३० अंश सेंटिग्रेडलाच वितळतो. तळहातावर ठेवला तर त्याचें पाणी होतें. पुढें १८७९ सालीं स्वीडनमध्यें स्कँडियम सांपडलें, आणि १८८६ सालीं जर्मनींत क्लेमेन्स विंक्लर यास जर्मेनियम मिळालें. तेंच एक-सिलिकॉन, त्याचा अणुभार आजच्या मापानें ७२.६ आहे.

तथापि एका ठिकाणीं मेंडेलीव्ह चुकला. टेल्युरियम आयोडिनपेक्षां किंचित् जड. पण गुणांप्रमाणें तें आयोडिनच्या आधीं बसावयास हवें. मेंडेलीव्हनें तें तसें बसविलें आणि टेल्युरियमचा अणुभार मोजण्यांतच चूक असली पाहिजे असें म्हटलें. मोजमाप बरोबर होतें. जागाही बरोबर होती. चूक होती ती अणुभारासच मूळ सूत्र मानण्यांत. १९१३ सालीं हेन्री मोझ्ले या तरुण इंग्रज शास्त्रज्ञानें क्ष-किरणांच्या साह्यानें दाखविलें कीं, खरा क्रम अणुगर्भावरील विद्युद्भाराचा आहे. टेल्युरियमचा क्रमांक ५२, आयोडिनचा ५३. कोडें सुटलें. शिवाय कोणते क्रमांक अद्याप रिकामे आहेत, हेंही आतां मोजून सांगतां येऊं लागलें. दोनच वर्षांनीं, १९१५ च्या ऑगस्टमध्यें, हा सत्तावीस वर्षांचा शास्त्रज्ञ गॅलिपोलीच्या रणांगणावर गोळी लागून मरण पावला.

मोझ्लेनें रिकामें म्हणून दाखविलेलें ४३ वें घर १९३७ सालीं भरलें. १०१ वें मूलद्रव्य १९५५ सालीं कृत्रिम रीतीनें तयार झालें, तेव्हां त्यास मेंडेलीव्हचें नांव देण्यांत आलें. आतां सातवी ओळ पुरी झाली आहे. ११९ व्या घरापासून आठवी सुरू व्हावयाची. ती अद्याप मोकळीच आहे.