पाण्याची गोळी, मिठाची गोष्ट

ग्वाल्हेरच्या कंपू भागात, जयारोग्य रुग्णालयाच्या आसपासच्या औषधांच्या दुकानांत कान दिलात तर 'पेशाबवाली गोली' हे नाव हमखास कानावर येईल. शहराच्या लष्कर भागातल्या मराठी घरांत तीच 'पाण्याची गोळी' होते. डॉक्टर तिला 'डाययुरेटिक' म्हणतात आणि मराठी वैद्यक परिभाषेत ती 'मूत्रल'. पायावरची सूज, दम लावणारे हृदय, चढलेला रक्तदाब, जलोदर अशा कितीतरी तक्रारींवर ती दिली जाते. चार नावे आहेत, पण खरे काम जिच्यावर होते त्या वस्तूचा उल्लेख एकाही नावात नाही. ती वस्तू म्हणजे मीठ.

दिवसाला दीड किलो मीठ

आपली मूत्रपिंडे चोवीस तासांत सुमारे १८० लिटर द्रव गाळतात. शरीरात रक्तद्रव असतो जेमतेम ३ लिटर, म्हणजे तोच द्रव दिवसातून साठेक वेळा गाळणीतून जातो. या १८० लिटरमध्ये विरघळलेले मीठ भरते जवळजवळ दीड किलो! त्यातले ९९ टक्क्यांहून अधिक मीठ मूत्रपिंडातल्या बारीक नळ्या परत शोषून घेतात, आणि गाईमागे वासरू जावे तसे पाणी त्या मिठामागे परत येते. लघवी म्हणून बाहेर पडते ते फक्त दीड-दोन लिटर.

बहुतेक पाण्याच्या गोळ्या ही परतीची वाट अडवतात. मीठ नळीतच राहिले की पाणीही तिथेच थांबते आणि बाहेर पडते. वाट कुठे अडवली यावर गोळीचा जोर ठरतो. फ्युरोसेमाइड, म्हणजे घरोघरी माहीत असलेली लॅसिक्स, नळीच्या ज्या वळणावर काम करते तिथे गाळलेल्या सोडियमपैकी सुमारे २५ टक्के परत शोषले जाते, म्हणून ती सगळ्यांत जोरकस. थायाझाइड गटाच्या गोळ्या त्याच्या पुढच्या टप्प्यावर बसतात. तिथे जेमतेम ५ टक्के परत शोषले जाते. स्पायरोनोलॅक्टोन अगदी शेवटी दोन-तीन टक्क्यांवर काम करते.

म्हणूनच या गोळ्या लिहून देताना डॉक्टर पापड, लोणचे आणि फरसाण कमी करायला सांगतात. लॅसिक्स घ्यायची आणि जेवताना ताटाच्या कडेला मिठाची चिमूट वाढून घ्यायची, यात गोळीची निम्मी मेहनत वाया जाते. जागतिक आरोग्य संघटनेने सांगितलेली मर्यादा दिवसाला ५ ग्रॅमची, म्हणजे सपाट चमचाभर. ग्वाल्हेरकडे सकाळच्या नाश्त्याला बेढई-कचोरी खाणाऱ्याने हा चमचा डोळ्यांसमोर ठेवावा, असे मला मनापासून वाटते.

नावातच घड्याळ

लॅसिक्स हे नाव 'लास्ट्स सिक्स', म्हणजे सहा तास टिकते, यावरून पडले असे सांगतात, आणि ते औषधाला शोभते. गोळी पोटात गेल्यावर तासाभरात लघवी वाढते, एक-दोन तासांत जोर कळसाला पोहोचतो आणि सहा ते आठ तासांत ओसरतो. शिरेतून दिली तर पाच मिनिटांत काम सुरू. फुफ्फुसांत पाणी भरून श्वास कोंडलेला माणूस अर्ध्या तासात उशीला टेकून बोलू लागतो, हे आपत्कालीन विभागातल्या कुणालाही विचारा.

म्हणून ही गोळी सकाळी घ्यायची आणि दुसरी असलीच तर दुपारी. रात्री घेतली तर झोपेचे खोबरे, आणि म्हाताऱ्या माणसाला अंधारात बाथरूमपर्यंत जाताना पडण्याची भीती.

प्रवासाचा प्रश्न वेगळाच. ग्वाल्हेरहून पुण्याला झेलम किंवा गोवा एक्सप्रेसने, मुंबईला पंजाब मेलने निघायचे, तर आजी हळूच विचारतात, "आज पाण्याची गोळी राहू दे का रे?" संकोच समजण्यासारखा आहे, पण लग्नाच्या धावपळीत चार दिवस गोळी चुकली की पाचव्या दिवशी पाय सुजतात आणि दम लागतो. वेळ मागेपुढे करता येते. ती कशी करायची हे निघण्याआधी डॉक्टरांना विचारून ठेवावे.

दर्भाचा दुसरा उपयोग

चरकसंहितेच्या सूत्रस्थानातल्या चौथ्या अध्यायात औषधी वनस्पतींचे पन्नास गट आहेत, प्रत्येकात दहा. त्यांतला एक गट 'मूत्रविरेचनीय', म्हणजे लघवी मोकळी करणारा. त्यात गोखरू आहे, पाषाणभेद आहे, आणि दर्भ, कुश व काश ही तीन गवतेही आहेत. श्राद्धाला बोटात अडकवतो तो दर्भ इथे औषध होऊन बसला आहे. या गटाच्या जवळच 'मूत्रसंग्रहणीय' हा उलट्या कामाचा गट दिला आहे. वाढवणे आणि आवरणे या दोन्ही गरजा वेगळ्या ओळखल्या होत्या, ही मला या यादीतली सर्वांत सुंदर गोष्ट वाटते.

इंग्लंडमध्ये १७८५ साली विल्यम विदरिंग या डॉक्टरांनी फॉक्सग्लोव्ह या झाडावर पुस्तक लिहिले. श्रॉपशरमधल्या एका म्हाताऱ्या बाईच्या घरगुती काढ्यावरून त्यांना त्याचा माग लागला होता. सर्वांग सुजलेल्या रोग्यांना भरपूर लघवी होऊन सूज उतरे, म्हणून ते औषध मूत्रल समजले गेले. खरे तर त्यातले डिजिटॅलिस हृदयाला बळ देत होते. हृदय नीट चालू लागले की मूत्रपिंडांना रक्त पोहोचते आणि लघवी आपोआप वाढते.

नर्सच्या तक्त्यावरचा शोध

आधुनिक मूत्रलाची सुरुवात उपदंशाच्या उपचारातून झाली. १९१९, व्हिएन्ना. आल्फ्रेड फोग्ल हा वैद्यकाचा विद्यार्थी. त्याने जन्मजात उपदंश असलेल्या एका तरुणीला नोव्हासुरोल हे पाऱ्याचे इंजेक्शन दिले. रोगावरचे औषध म्हणून दिले होते, पण नर्सने नेटाने ठेवलेल्या रोजच्या लघवीच्या नोंदीत इंजेक्शनच्या दिवशी आकडा एकदम उसळलेला दिसला. पुन्हा दिले, पुन्हा उसळला. मग सुजलेल्या हृदयरोग्यांवर प्रयोग झाले आणि लघवी लिटरांनी वाहिली. पुढची तीसेक वर्षे हृदयरोग्यांना पारा टोचला जात होता. पारा विषारी, पण हाताशी दुसरे काही नव्हते. ज्या नर्सने लघवी मोजून लिहिली तिचे नाव वैद्यकाच्या पुस्तकांत मोठ्या अक्षरांत असायला हवे.

दुसरा धागा सल्फाच्या गोळीतून निघाला. जंतुसंसर्गावर सल्फानिलामाइड घेणाऱ्यांच्या रक्तातली आम्लता वाढते, कारण लघवीवाटे क्षार निघून जातात, हे लक्षात आले होते. बोस्टनच्या विल्यम श्वार्ट्झ यांनी १९४९ साली हाच दुष्परिणाम औषध म्हणून वापरला आणि हृदयाच्या रोग्यांची सूज उतरवून दाखवली. सल्फानिलामाइड दीर्घकाळ देण्याजोगे नव्हते, पण दिशा कळली. कार्ल बायर, जेम्स स्प्रेग, फ्रेडरिक नोव्हेलो आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मर्क कंपनीत १९५७ पर्यंत क्लोरोथायाझाइड तयार केले. पुढे जर्मनीतल्या हेक्स्ट कंपनीची फ्युरोसेमाइड १९६४ साली बाजारात आली. पारा हद्दपार झाला.

या दोन्ही गोळ्या सल्फाच्या घराण्यातल्या. "सल्फाची अॅलर्जी आहे का?" हा प्रश्न डॉक्टर विचारतात तो याच नात्यामुळे.

अडेल्फेन आठवते?

साठी-सत्तरी ओलांडलेल्यांना 'अडेल्फेन-एसिड्रेक्स' हे रक्तदाबाच्या गोळीचे नाव आठवत असेल. त्या एका गोळीत मुंबईचा मोठा वाटा होता. तिच्यातला रेसर्पिन हा घटक सर्पगंधेच्या मुळातला. सर्पगंधा रक्तदाब उतरवते हे केईएम रुग्णालयातल्या डॉ. रुस्तम जाल वकील यांनी १९४९ साली ब्रिटिश हार्ट जर्नलमधल्या लेखाने जगापुढे मांडले. त्यांना १९५७ चे लास्कर पारितोषिक मिळाले. गोळीच्या नावातला एसिड्रेक्स म्हणजे हायड्रोक्लोरोथायाझाइड, पाण्याची गोळी! आणि थायाझाइड शोधणाऱ्या बायर यांच्या चमूलाही १९७५ मध्ये लास्करच मिळाले.

थायाझाइड जातीची ही स्वस्त औषधे आजही मागे पडलेली नाहीत. अमेरिकेतल्या ऑलहॅट या प्रचंड चाचणीत तेहतीस हजारांहून जास्त रक्तदाबाचे रुग्ण होते. २००२ साली निकाल आला तेव्हा त्याच जातीची जुनी क्लोरथॅलिडोन नव्या महागड्या औषधांच्या तोडीस तोड ठरली.

मैदानावरची बंदी

राणी लक्ष्मीबाईंच्या नावाची शारीरिक शिक्षण संस्था ग्वाल्हेरमध्ये १९५७ साली, सत्तावनच्या शताब्दीवर्षात सुरू झाली. तिथून बाहेर पडणाऱ्या प्रत्येक क्रीडाशिक्षकाला माहीत असावी अशी ही बाब आहे: पाण्याची गोळी खेळाडूंना सदासर्वकाळ निषिद्ध आहे, स्पर्धा असो वा नसो. दोन कारणे. कुस्ती, मुष्टियुद्ध, वेटलिफ्टिंगमध्ये ती घेऊन काही तासांत वजन उतरवता येते. आणि लघवी पातळ झाली की तिच्यातली दुसरी उत्तेजके चाचणीत सापडणे अवघड जाते.

१९८८ च्या सोल ऑलिंपिकमध्ये बल्गेरियाच्या मित्को ग्राब्लेव्ह आणि एंजल गेंचेव्ह या वेटलिफ्टरांची सुवर्णपदके फ्युरोसेमाइडमुळेच गेली आणि त्यांचा संघ स्पर्धा सोडून घरी परतला. २००३ च्या क्रिकेट विश्वचषकाच्या तोंडावर शेन वॉर्न दक्षिण आफ्रिकेतून माघारी गेला, वर्षभराची बंदी. आईने दिलेली गोळी सडसडीत दिसण्यासाठी घेतली, असे त्याने सांगितले होते. तालमीतल्या पोरांना हे आवर्जून सांगा. अशा गोळीने उतरलेले वजन हे पाण्याचे. चरबी तोळाभरही हलत नाही, आणि हृदयाची लय मात्र बिघडू शकते.

शहाळे कुणाला द्यायचे?

लय बिघडते ती पोटॅशियममुळे. लॅसिक्स आणि थायाझाइड सोडियमबरोबर पोटॅशियमही बाहेर घालवतात. पायात गोळे, थकवा, धडधड. अशा वेळी केळे, संत्रे, शहाळे चांगले, हे आपल्याकडे घराघरांत माहीत आहे. पण स्पायरोनोलॅक्टोन, म्हणजे अल्डॅक्टोन, नेमके उलटे करते. ती पोटॅशियम राखून ठेवते. ती घेणाऱ्याला, त्यातही मूत्रपिंड कमजोर असलेल्याला, प्रेमाने रोज दिलेले शहाळे घातक ठरू शकते. कमी सोडियमचे म्हणून मिळणारे मीठही तसेच, कारण त्यात पोटॅशियमच घातलेले असते. सूज उतरवायला घेटुळीचा, म्हणजे पुनर्नवेचा, काढा घेणाऱ्यांनीही डॉक्टरांना तसे सांगावे. तिच्यात पोटॅशियमचे क्षार असतात. कोणती पाण्याची गोळी चालू आहे हे पाकिटावर वाचल्याशिवाय शहाळे फोडू नये.

मे महिन्यात तर दुप्पट काळजी. ग्वाल्हेरचा पारा ४५ अंशांपलीकडे जातो, लू अंग भाजून काढते, घामातून मीठ-पाणी जातच असते, आणि वर गोळी. उठताना चक्कर आली, लघवी फार कमी झाली, जुलाब-उलट्या सुरू झाल्या, तर त्याच दिवशी डॉक्टरांना फोन करावा. डोस कमी करायचा की थांबवायचा हे तेच सांगतील. हृदयरोग्याने रोज सकाळी लघवीनंतर, नाश्त्याआधी वजन करावे. दोन-तीन दिवसांत दोन किलो वाढले तर ते पाणीच समजायचे.

थोडक्यात, पण भन्नाट

लडाखला जाताना घेतात ती डायमॉक्स हीसुद्धा मूत्रलच. ती चालू असताना सोडा प्यायलात तर त्याची चुरचुर जिभेला जाणवत नाही!

डायबेटिस इन्सिपिडस या दुर्मीळ विकारात माणसाला दिवसाला अनेक लिटर लघवी होते. त्यावर थायाझाइड दिली की लघवी कमी होते. तीच गोळी लघवीतले कॅल्शियम घटवते, म्हणून वारंवार मुतखडे होणाऱ्यांनाही देतात.

मेंदूची सूज उतरवायला शिरेतून देतात ते मॅनिटॉल ही एक प्रकारची साखर आहे. ती नळ्यांतून परत शोषली जात नाही आणि पाण्याला धरून ठेवते.

अल्डॅक्टोनने काही पुरुषांची छाती वाढते आणि दुखते. लाजून गप्प बसू नये, बदली औषध मिळते.

आणि सगळ्यांत नवी पाहुणी आली ती सफरचंदाच्या झाडावरून. त्याच्या सालीतून १८३५ साली फ्लोरिझिन वेगळे केले गेले. ते लघवीतून साखर घालवते. त्याच धाग्यावर बेतलेली डॅपाग्लिफ्लोझिन मधुमेहासाठी आली आणि साखरेबरोबर मीठ-पाणीही नेते म्हणून आता हृदयरोग्यांनाही दिली जाते. भारतात तिचे पेटंट संपले आणि किंमत झपाट्याने उतरली. लॅसिक्ससोबत ही चालू असेल तर पाणी दोन्ही वाटांनी जाते, म्हणून दोन्ही पाकिटे एकत्रच डॉक्टरांना दाखवायची.