डोंगरमाथ्यावरची चार अक्षरं

2018 च्या उन्हाळ्यात आयर्लंडमध्ये पावसाने दडी मारली. एरवी बारा महिने हिरवागार असणारा तो देश वाळून पिवळा पडला, आणि डब्लिनच्या दक्षिणेला समुद्रात घुसलेल्या ब्रे हेड नावाच्या डोंगरावर वणवा पेटला. कमरेएवढी वाढलेली काटेरी झुडपं जळून गेली. आग विझवायला हेलिकॉप्टरं आली आणि वरून पाहणाऱ्यांना काळ्या राखेत काहीतरी लिहिलेलं दिसलं. दगड मांडून काढलेली रोमन लिपीतली चार प्रचंड अक्षरं होती ती : ई, आय, आर, ई. उच्चार साधारण ‘एरा’ असा. हे आयर्लंडचं आयरिश भाषेतलं नाव.

दुसऱ्या महायुद्धाच्या काळात ही अक्षरं मांडली गेली, आणि एकट्या ब्रे हेडवर नव्हे. किनाऱ्याच्या कडेने सुमारे 80 ठिकाणी, जिथे जिथे टेहळणीची चौकी होती तिथे तिथे, गावकऱ्यांनी आणि चौकीवरच्या माणसांनी दगड वाहून आणले, जमिनीत पक्के बसवले आणि वरून पांढरा रंग दिला. काही ठिकाणी दीडशे टनांच्या आसपास दगड लागले. हे सगळं कुणासाठी? आकाशातून जाणाऱ्या परक्या वैमानिकासाठी. तो ब्रिटिश असो, जर्मन असो की अमेरिकन, त्याला एवढंच सांगायचं होतं : खाली जी जमीन आहे ती या लढाईत नाही.

एखाद्या देशाने आपलं नाव स्वतःच्या अंगावर, आकाशाकडे तोंड करून लिहून ठेवावं, ही गोष्ट वाचली तेव्हापासून माझ्या मनातून जात नाही. तोफा नाहीत, आरमार नावापुरतं, विमानं बोटांवर मोजण्याइतकी. शिल्लक काय, तर दगड आणि नाव.

ते नावसुद्धा तेव्हा अगदी नवं होतं. 1937 च्या राज्यघटनेत ते अधिकृतपणे लिहिलं गेलं, म्हणजे युद्ध सुरू झालं तेव्हा त्याला जेमतेम दोन वर्षं झाली होती. 1921 च्या तहाने आयर्लंडच्या बेटाचा मोठा भाग ब्रिटनपासून वेगळा झाला खरा, पण कोव्ह, बेअरहेवन आणि लफ स्विली ही तीन खोल पाण्याची बंदरं ब्रिटिश आरमाराने स्वतःकडेच ठेवली होती. ज्याच्या बंदरात परक्याच्या युद्धनौका नांगर टाकून बसल्या आहेत, तो देश तटस्थ कसा म्हणवणार? शत्रूच्या दृष्टीने तो लढाईतलाच.

एमन डी व्हॅलेरा यांनी ही गाठ सोडवली. 1916 च्या ईस्टरच्या उठावात फाशीची शिक्षा सुनावली गेलेला आणि त्यातून वाचलेला हा माणूस आता पंतप्रधान होता. (त्याच 1916 च्या एप्रिलमध्ये लोकमान्य टिळक बेळगावात होमरूल लीग स्थापन करत होते, ‘होमरूल’ हा शब्द आपण आयर्लंडकडूनच घेतला.) 1938 मध्ये त्यांनी वाटाघाटी करून तिन्ही बंदरं परत मिळवली. कोव्हजवळच्या स्पाइक बेटावरून ब्रिटिश झेंडा उतरला तो दिवस होता 11 जुलै. सतरा वर्षांपूर्वी त्याच तारखेला ब्रिटिशांविरुद्धच्या लढ्यात शस्त्रं खाली ठेवली गेली होती. लंडनच्या संसदेत चर्चिल यांनी बंदरं सोडण्याला कडाडून विरोध केला, आणि त्यांच्या बाजूने पाहिलं तर त्यांना पुढचं दिसत होतं. सव्वा वर्षात युद्ध पेटलं.

आता आयर्लंडला पहिल्यांदाच ‘नाही’ म्हणता येणार होतं. मला वाटतं, तटस्थतेचा सगळा अर्थ इथे आहे. पहिल्या महायुद्धात हजारो आयरिश तरुण ब्रिटिश गणवेशात मेले होते, आणि आयर्लंड युद्धात उतरणार की नाही हे डब्लिनला कुणी विचारलं नव्हतं. तेव्हाच डब्लिनच्या लिबर्टी हॉलवर कामगार नेते जेम्स कॉनोली यांच्या लोकांनी मोठा फलक लावला होता : सेवा करू ती राजाचीही नाही, कैसरचीही नाही, आयर्लंडची. 1939 मध्ये हीच गोष्ट सरकार म्हणून म्हणता आली. शांततेच्या प्रेमापेक्षाही, आपला निर्णय आपण घेतला, हे त्यात मोठं होतं. उत्तर आयर्लंड अजून ब्रिटनकडेच होतं. त्या ब्रिटनच्या खांद्याला खांदा लावून लढायला पाठवणारं सरकार तिथे टिकलंच नसतं.

त्या सहा वर्षांना आयरिश लोक महायुद्ध म्हणत नाहीत. ते म्हणतात ‘द इमर्जन्सी’, आणीबाणी. आपल्याला त्या शब्दाने 1975 आठवतं. त्यांना आठवतं ते चहाचं रेशन : एकदा तर माणशी आठवड्याला अर्धा औंस, म्हणजे चौदा ग्रॅम. चहाशिवाय ज्यांचं पान हलत नाही अशा लोकांचं त्यात काय झालं असेल, हे मराठी माणसाला वेगळं सांगायला नको. कोळसा ब्रिटनमधून यायचा, तो आटला. डब्लिनच्या फिनिक्स पार्कमध्ये जळणासाठी दलदलीतून कापून आणलेल्या पीटचे डोंगर रचले गेले. गॅस ठरावीक तासच मिळे. नंतर पाइपमध्ये जो थोडासा उरे, त्याच्या मिणमिणत्या ज्योतीवर कुणी चोरून किटली ठेवलीय का, हे पाहत दारोदार फिरणारे निरीक्षक होते. त्यांचं नावच पडलं ‘ग्लिमर मॅन’. आणि कायद्याच्या भाषेतली ही आणीबाणी 1939 मध्ये जाहीर झाली ती औपचारिकपणे उठली 1976 मध्ये!

समुद्रावरची गोष्ट तर याहून विलक्षण. व्यापारी जहाजं मिळेनात म्हणून 1941 मध्ये सरकारने स्वतःची कंपनी काढली. आयरिश जहाजांच्या दोन्ही अंगांवर तीच चार अक्षरं मोठ्या आकारात रंगवलेली असत आणि रात्री त्यांच्यावर दिवे सोडलेले असत. सगळी जहाजं अंधारात लपत जात असताना ही मात्र उजेडात न्हाऊन जायची. तरी काही बुडवली गेली. ‘केरलोग’ नावाचं एक छोटं जहाज होतं, जेमतेम 43 मीटर लांबीचं. ऑक्टोबर 1943 मध्ये ब्रिटिश हवाई दलाच्या विमानांनी चुकून त्याच्यावर गोळ्या झाडल्या. कप्तान जबर जखमी झाला. दुरुस्ती होऊन नव्या कप्तानाच्या हाताखाली ते लिस्बनहून संत्री घेऊन निघालं. 29 डिसेंबरला बिस्केच्या उपसागरात एक जर्मन विमान वर घिरट्या घालत मदतीची खूण करू लागलं. केरलोगने दिशा बदलली. पुढे जे दिसलं ते असं : आदल्या दिवशी बुडालेल्या जर्मन युद्धनौकांचे खलाशी, मैलोगणती पाण्यात, तराफ्यांवर, फळकुटांना धरून, जिवंत आणि मेलेले एकत्र.

दहा तास ते छोटं जहाज माणसं वेचत राहिलं. 168 जण वर घेतले. केबिन भरल्या, इंजिनची खोली भरली, चालायला जागा उरली नाही. जर्मनांनी विनंती केली की आम्हाला फ्रान्सच्या किनाऱ्यावर सोडा. कप्तान टॉमस डोनोह्यू नाही म्हणाले. नियमाप्रमाणे आधी ब्रिटनच्या फिशगार्ड बंदरात जायला हवं होतं. तिथेही ते गेले नाहीत. सरळ कोव्हला आले, 1944 च्या पहिल्या दिवशी. कोव्ह, म्हणजे साडेपाच वर्षांपूर्वी परत मिळालेलं तेच बंदर. दोन महिन्यांपूर्वी ज्यांच्यावर एका बाजूने गोळ्या झाडल्या त्यांनी दुसऱ्या बाजूची माणसं वाचवली, आणि दोन्ही बाजूंचं म्हणणं बाजूला ठेवून त्यांना आपल्या घरी आणलं. तटस्थ या शब्दाची इतकी जिवंत व्याख्या मला दुसरीकडे सापडलेली नाही.

पण ही तटस्थता काटेकोर होती का? तर नाही, आणि हा भाग लपवण्यात अर्थ नाही. एप्रिल 1941 मध्ये जर्मन बॉम्बांनी उत्तर आयर्लंडमधलं बेलफास्ट पेटलं, तेव्हा डी व्हॅलेरांनी सीमेपलीकडे आगीचे बंब पाठवले. पुढच्याच महिन्याच्या अखेरीस डब्लिनच्या नॉर्थ स्ट्रँड भागावर जर्मन बॉम्ब पडून 28 जण मेले. डोनेगलवरून ब्रिटिश विमानांना अटलांटिककडे जाण्यासाठी हवेतली एक चिंचोळी वाट गुपचूप मोकळी करून दिली होती. मे 1941 मध्ये ‘बिस्मार्क’ ही जर्मन युद्धनौका ज्या विमानाने हुडकली ते त्या वाटेलगतच्या, सीमेपलीकडे उत्तर आयर्लंडमधल्या सरोवरावरून उडालं होतं. हजारो आयरिश माणसं स्वखुशीने ब्रिटिश सैन्यात गेली. दुसरीकडे, हिटलर मेल्याची बातमी आल्यावर डी व्हॅलेरा शिष्टाचार म्हणून जर्मन राजदूताकडे दुखवट्याला गेले. तो निर्णय मला आजही सलतो. नियम पाळण्याच्या हट्टात माणसाचं भान किती सुटू शकतं, ते त्या भेटीत दिसतं.

आणि ती दगडी अक्षरं? अमेरिकन हवाई दलाच्या विनंतीवरून अक्षरांशेजारी आकडे मांडले गेले, प्रत्येक चौकीचा तिचा क्रमांक. पूर्व किनाऱ्यावर लाउथपासून सुरुवात, मग दक्षिणेकडून वळसा घालून पार डोनेगलपर्यंत. ब्रे हेड 8, उत्तर टोकाचं मालिन हेड 80. आकडा वाचला की नकाशावरची आपली जागा वैमानिकाला कळे. म्हणजे ‘आम्ही युद्धात नाही’ सांगणारा दगड तेवढ्याच शांतपणे दोस्तराष्ट्रांच्या वैमानिकाला घरची वाटही दाखवत होता.

आयर्लंडमध्ये चुकून उतरलेल्या वैमानिकांसाठी करागची छावणी होती. शेजारी-शेजारी दोन आवारं, एकात ब्रिटिश बाजूचे, दुसऱ्यात जर्मन. परत येण्याचा शब्द देऊन दोघांनाही बाहेर फिरायला जाता येई, घोड्यांच्या शर्यतींनासुद्धा. रोलंड वुल्फ हा ब्रिटिशांकडून लढणारा अमेरिकन वैमानिक. नोव्हेंबर 1941 मध्ये त्याचं स्पिटफायर विमान डोनेगलच्या दलदलीत रुतलं. दोन आठवड्यांत तो छावणीतून निसटून बेलफास्टला पोचला, आणि दिलेला शब्द मोडलास म्हणून ब्रिटिशांनीच त्याला परत पाठवलं! ते विमान 2011 मध्ये खणून काढलं. सत्तर वर्षं पीटमध्ये मुरलेल्या त्याच्या मशीनगनपैकी एक साफ करून चालवली, तर चक्क चालली.

ब्लॅकसॉडबद्दल तर बोलायलाच हवं. मेयो परगण्याच्या पश्चिम टोकावरच्या या गावातल्या टपाल कचेरीत मॉरीन फ्लॅव्हिन नावाची तरुणी कामाला होती. हवेच्या नोंदी घेणं हाही तिच्या कामाचा भाग. तटस्थ असूनही आयर्लंड या नोंदी ब्रिटनला पाठवत राहिलं होतं. 3 जून 1944, तिचा एकविसावा वाढदिवस. वायुदाबमापकातला पारा झपाट्याने उतरत होता. तिने नोंद पाठवली. नोंद पुन्हा तपासा, असे उलट फोन आले. वादळ अटलांटिकवरून येतं, आणि ब्लॅकसॉडला ते सगळ्यांच्या आधी कळतं. नॉर्मंडीवरची चढाई 5 जूनऐवजी 6 जूनला झाली, त्यामागच्या आधारांत ही एक नोंद होती. आपण काय मोजलं हे त्या मुलीला कितीतरी वर्षांनी कळलं. 2023 मध्ये, शंभरी पूर्ण करून ती गेली.

युद्धानंतर गंमत अशी झाली की गरजेतून घेतलेली भूमिका स्वभाव बनली. 1949 मध्ये नाटोत यायचं निमंत्रण आयर्लंडने नाकारलं, कारण आयर्लंडची फाळणी. 1955 मध्ये संयुक्त राष्ट्रांत प्रवेश मिळाला, आणि थोड्याच वर्षांत परराष्ट्रमंत्री फ्रँक एकन यांनी अण्वस्त्रांचा प्रसार थांबवण्याचा ठराव लावून धरला. 1968 च्या अण्वस्त्र प्रसारबंदी करारावर पहिली सही आयर्लंडची आहे. 1960 पासून आयरिश सैनिक निळ्या शिरस्त्राणात काँगोला गेले. त्या वर्षी नीएम्बा इथे त्यांचे नऊ जण मारले गेले. पुढच्या वर्षी जादोव्हिलला दीडशेच्या वर आयरिश सैनिक वेढले गेले, तेव्हा त्यांच्या सुटकेसाठी झगडणाऱ्या तुकडीत भारतीय सैन्यातले गोरखेही होते. 1978 पासून लेबनॉनमध्ये आयरिश सैनिक मरण पावत आले आहेत. युद्धात नसलेल्या देशाची ही थडगी.

इतकं असून राज्यघटनेत ‘आम्ही तटस्थ आहोत’ असं वाक्य नाही. युरोपीय संघाच्या सामायिक संरक्षणात सामील होता येणार नाही, एवढी तरतूद 2002 च्या सार्वमतानंतर आली. आणि ‘तिहेरी कुलूप’ आहे : बारापेक्षा जास्त सैनिक परदेशी मोहिमेवर पाठवायचे तर संयुक्त राष्ट्रांची, सरकारची आणि संसदेची, तिघांची संमती हवी. युक्रेनवरच्या हल्ल्यानंतर या कुलपावर मोठा वाद पेटला. जून 2023 मध्ये सरकारने संरक्षणावर चार दिवसांचा जाहीर विचारविनिमय भरवला. पंतप्रधान होते लिओ वराडकर. वडिलांकडून मालवण तालुक्यातल्या वराड गावचे. समुद्राखालच्या तारा, रिकामं आकाश, लढाऊ विमान एकही नाही, हे प्रश्न खरे आहेत. तरी कुलूप काढायचं म्हटलं की लोक बेचैन होतात, आणि ती बेचैनी मला समजते. ज्यांना हा निव्वळ धोरणाचा मुद्दा वाटतो, त्यांनी एकदा ब्रे हेडच्या राखेतली अक्षरं पाहावीत.

मालिन हेडवरची अक्षरं आजही वाचता येतात. बाजूला 80 हा आकडा, समोर उत्तर अटलांटिक. काही ठिकाणी गावकऱ्यांनी गवतात बुडालेले दगड पुन्हा उघडे केलेत, निखळलेले जागेवर बसवलेत, रंग दिलाय. चौकीवरच्या माणसांच्या वह्या डब्लिनच्या लष्करी दफ्तरखान्यात जपून ठेवल्या आहेत. पहाऱ्यावर दोघे-दोघे, हाताशी दुर्बीण आणि टेलिफोन. कुठलं विमान, कुठून आलं, कुठे गेलं, किती वाजता. पानामागून पान, दिवसरात्र, सहा वर्षं.