ठावठिकाणा सांगणारे यंत्र : बांधावे कोणाला, पाहावे कोणी?

स्मृतिभ्रंश झालेले वडीलधारे माणूस घरातून निघून जाते आणि परतीची वाट विसरते, हा अनुभव आता पुष्कळ कुटुंबांना येऊ लागला आहे. २०२३ साली प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या पाहणीच्या अंदाजाप्रमाणे आपल्या देशात साठ वर्षांवरील सुमारे ८८ लाख लोकांना हा विकार आहे. मुले नोकरीसाठी परगावी किंवा आखातात, घरी दोन म्हातारी माणसे. अशा वेळी कोणीतरी सुचवते, "गळ्यात एक यंत्र अडकवा, म्हणजे कुठे गेले ते मोबाइलवर दिसेल." हीच यंत्रे घड्याळाच्या रूपात शाळकरी मुलांच्या मनगटावर आली आहेत, किल्ल्यांच्या जुडग्यात आली आहेत आणि कामगारांच्या हातावरही आली आहेत.

सल्ला वाईट नाही. तथापि बैल घेताना आपण त्याचे दात पाहतो, बियाणे घेताना पिशवीवरची तारीख पाहतो. हे यंत्र घेतानाही ते काय करते आणि त्याने गोळा केलेली माहिती कोणाच्या हाती जाते, हे पाहिले पाहिजे. म्हणून हा लेख.

उपग्रह पाहत नाही, यंत्र ऐकते

पुष्कळांचा समज असा की वरून उपग्रह आपल्याला पाहतो. तसे नाही. जीपीएस ही अमेरिकेच्या संरक्षण खात्याने उभारलेली व्यवस्था आहे. तिचा पहिला उपग्रह १९७८ साली सोडण्यात आला व १९९५ साली ती पूर्णत्वास गेली. तिचे तीसएक उपग्रह सुमारे २०,२०० किलोमीटर उंचीवरून पृथ्वीभोवती फिरत असतात. प्रत्येकात अत्यंत अचूक असे अणुघड्याळ असते आणि प्रत्येक उपग्रह अखंड एकच निरोप देत असतो : मी अमुक ठिकाणी आहे आणि आता अमुक वेळ झाली आहे.

आपल्या हातातील यंत्र हा निरोप फक्त ऐकते. निरोप यायला किती वेळ लागला यावरून ते उपग्रहाचे अंतर काढते. वीज चमकल्यावर गडगडाट किती वेळाने ऐकू आला, यावरून ती किती लांब पडली याचा अंदाज आपण बांधतो, त्याच जातीचा हा हिशेब. फरक इतकाच की रेडिओची लहर सेकंदाला सुमारे तीन लाख किलोमीटर धावते. घड्याळ सेकंदाच्या दहा लाखाव्या भागाने चुकले तरी अंतरात ३०० मीटरची चूक होते. तीन उपग्रहांच्या अंतरांवरून जागा ठरते आणि चौथ्यावरून यंत्रातील स्वस्त घड्याळाची चूक दुरुस्त होते. उघड्या आकाशाखाली जागा काही मीटरपर्यंत बरोबर निघते. स्लॅबच्या घरात, उंच इमारतींच्या मध्ये किंवा दाट झाडीत ती चुकते.

येथवर कोणालाही काही कळलेले नाही. यंत्राला स्वतःची जागा समजली, एवढेच झाले. ती जागा दुसऱ्याला कळावी यासाठी यंत्रात सिमकार्ड असते. मोबाइलच्या टॉवरमार्फत ते आपली जागा कंपनीच्या संगणकाकडे पाठवते आणि तेथून ती आपल्या मोबाइलच्या पडद्यावर येते. खाजगीपणाचा प्रश्न उभा राहतो तो या दुसऱ्या टप्प्यावर, कारण आपण पाहण्याच्या आधी ती माहिती कंपनीकडे पोहोचलेली व साठवलेली असते.

टॅग हा निराळा प्रकार

रुपयाच्या नाण्यापेक्षा थोडा मोठा, किल्लीला अडकवायचा टॅग वेगळ्या रीतीने चालतो. ॲपल कंपनीचा एअरटॅग २०२१ साली बाजारात आला. त्यात जीपीएस नाही आणि सिमही नाही. तो ब्लूटूथची क्षीण हाक देत राहतो. जवळून जाणाऱ्या कोणाही परक्या माणसाच्या मोबाइलला ती हाक ऐकू येते आणि तो मोबाइल, मालकाच्या नकळत, टॅगची जागा कळवतो. म्हणजे बाजारात किंवा रेल्वे स्टेशनवर टॅग चटकन सापडतो. पण रानात, नदीकाठी किंवा वस्तीपासून दूरच्या शेतात जवळून मोबाइलच जात नसेल, तर तो मुका होतो. घर सोडून रानाच्या वाटेला लागणाऱ्या म्हाताऱ्या माणसासाठी टॅगवर विसंबू नये. तेथे सिम असलेले यंत्र हवे, आणि त्या वाटेवर मोबाइलची रेंज आहे की नाही हे आधी चालत जाऊन पाहावे. सिमच्या यंत्राला वरचेवर चार्जिंग लागते. टॅगची बॅटरी साधारण वर्षभर पुरते.

या बॅटरीविषयी एक इशारा. ती बटणासारखी चपटी असते. लहान मुलाने ती गिळली तर दोन तासांच्या आत अन्ननलिका आतून भाजू शकते. उलटी करवण्याचा प्रयत्न करू नये, वाट पाहू नये, ताबडतोब मोठ्या रुग्णालयात न्यावे.

एका बिबट्याची गोष्ट

एखाद्या क्षणी माणूस कुठे आहे, हे कळण्यात फारसे काही नाही असे वाटेल. पण यंत्र एक ठिपका देऊन थांबत नाही, ते ठिपक्यांची माळ ओवत जाते. ही माळ काय काय सांगते, हे महाराष्ट्रात एका बिबट्याने दाखवून दिले.

२००९ साली अहमदनगर जिल्ह्यात टाकळी ढोकेश्वरजवळ एक वयस्क नर बिबट्या विहिरीत पडला. त्याला बाहेर काढल्यावर संशोधक विद्या अत्रेय व त्यांच्या सहकाऱ्यांनी त्याच्या गळ्यात जीपीएसचा पट्टा बांधला आणि माळशेज घाटात सोडून दिले. त्याचे नाव ठेवले आजोबा. पुढच्या काही आठवड्यांत आजोबा सुमारे १२० किलोमीटर चालत मुंबईच्या संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाच्या हद्दीत पोहोचला. वाटेत त्याने मुंबई-आग्रा महामार्ग ओलांडला, रेल्वेचे रूळ ओलांडले, माणसांच्या वस्त्या ओलांडल्या, आणि कोणालाही इजा केली नाही. हे सर्व पट्ट्याच्या ठिपक्यांवरून कळले. बिबट्या माणसांच्या इतक्या जवळून शांतपणे जातो, ही मोलाची माहिती त्यातून हाती आली. पुढे २०१४ साली या कथेवर मराठी चित्रपटही निघाला.

आता हाच पट्टा माणसाला बांधला आहे असे समजावे. रात्री ठिपका कुठे थांबतो त्यावरून घर कळते, दिवसा कुठे थांबतो त्यावरून कामाचे ठिकाण. दर महिन्याला कोणत्या दवाखान्याशी थांबतो, कोणत्या वकिलाकडे किंवा सावकाराकडे जातो, कोणत्या प्रार्थनास्थळात किंवा सभेत बसतो, हे कोणी एक शब्द न विचारता उघड होते. नाव पुसून टाकले तरी फारसा फरक पडत नाही. २०१३ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात १५ लाख मोबाइलधारकांच्या १५ महिन्यांच्या नोंदी तपासल्या गेल्या. माणूस केव्हा कुठे होता याचे केवळ चार ठिपके मिळाले, तर शंभरातील ९५ जण इतरांपासून वेगळे ओळखता येतात, असे त्यात दिसून आले.

बिबट्याला विचारता येत नव्हते. माणसाला विचारता येते. न विचारता त्याच्या गळ्यात पट्टा बांधणे म्हणजे त्याची गणना जनावरांत करणे होय.

मुलांचे घड्याळ व कामगारांचे घड्याळ

मुलांच्या सुरक्षिततेसाठी म्हणून विकली जाणारी घड्याळे नॉर्वेच्या ग्राहक परिषदेने २०१७ साली तपासली. त्यांपैकी काहींमध्ये परक्या माणसाला शिरकाव करून मूल कुठे आहे हे पाहता येत होते. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये जर्मनीच्या नियामक संस्थेने, दूर बसून गुपचूप आजूबाजूचे बोलणे ऐकता येते अशा मुलांच्या घड्याळांवर बंदी घातली. आईबापांनी ती घड्याळे नष्ट करावीत असेही सुचवले. वर्गात शिक्षक काय शिकवतात ते पालक घरबसल्या ऐकत होते, हेही त्यामागचे एक कारण होते. रक्षणासाठी बांधलेली वस्तू दार उघडे टाकून बसली होती.

आपल्या देशात नागपूर, चंदीगड, पंचकुला अशा शहरांत महापालिकांनी सफाई कामगारांना जीपीएसची घड्याळे दिली. कामगार नेमून दिलेल्या रस्त्यावर आहे की नाही, हे कचेरीतील पडद्यावर दिसावे हा हेतू. कामचुकारपणा थांबावा ही अपेक्षा गैर नाही. पण यंत्राने जागा चुकीची दाखवली तर पगार कापला जातो अशा तक्रारी आल्या. घड्याळ आपले बोलणे ऐकते, आपल्याला पाहते, या भीतीने शौचालयात जातानाही स्त्रिया संकोचू लागल्या. चंदीगडमध्ये कामगारांनी निदर्शने केली. घड्याळात नेमके काय आहे आणि नोंद कोण पाहते, हे नीट समजावून दिले असते, तर निम्मी भीती तेथेच गेली असती. पहाटे सर्वांच्या आधी उठून रस्ता झाडणाऱ्याच्या हाताला घड्याळ, आणि दुपारी बाराला कचेरीत येणारा साहेब मात्र मोकळा, ही गोष्ट कामगारांना झोंबली यात नवल नाही.

कायदा काय म्हणतो

२४ ऑगस्ट २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी एकमताने निर्णय दिला की खाजगीपणा हा घटनेने दिलेला मूलभूत अधिकार आहे. पुढे ८ जुलै २०२४ रोजी, अमली पदार्थांच्या एका खटल्यातील जामिनाच्या अटीविषयी याच न्यायालयाचा निकाल आला. आरोपीने मोबाइलच्या नकाशावर आपली जागा तपास अधिकाऱ्याला दाखवत राहावे, अशी ती अट होती. पोलिसांना आरोपीच्या प्रत्येक हालचालीवर सतत पाळत ठेवता येईल अशी अट जामिनासाठी घालता येणार नाही, असे सांगून न्यायालयाने ती काढून टाकली.

वाचकांनी यावर थोडा विचार करावा. गंभीर गुन्ह्याचा आरोप असलेल्या माणसाच्या मागेही असा डोळा लावू नये असे न्यायालय म्हणते. मग कॉलेजात जाणारी मुलगी, माहेरी गेलेली सून, शेतावरचा गडी यांच्या मागे तो लावण्याचा हक्क आपल्याला कोणी दिला?

वैयक्तिक माहितीच्या रक्षणाचा कायदा संसदेने ऑगस्ट २०२३ मध्ये केला. त्याचे नियम नोव्हेंबर २०२५ मध्ये प्रसिद्ध झाले असून तो टप्प्याटप्प्याने अमलात येणार, असे ठरले आहे. अठरा वर्षांखालील मुलांची माहिती घेण्यापूर्वी कंपनीने आईबापांची संमती घ्यावी, आणि दिलेली संमती माणसाला परत घेता यावी, अशी तरतूद त्यात आहे. शिवाय स्त्रीचा पाठलाग करणे हा भारतीय न्याय संहितेच्या कलम ७८ खाली गुन्हा असून पहिल्या वेळी तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते.

घरोघरी पाळावयाच्या गोष्टी

१. वडीलधाऱ्यांना विचारावे, आणि तेही लवकर. विस्मरण सुरू झाले आहे पण समज शाबूत आहे, अशा वेळी त्यांच्याशी शांतपणे बोलावे. "तुम्ही वाट चुकलात तर आम्हाला शोधता यावे म्हणून हे आहे," असे सांगावे. नोंद घरातील कोण पाहील, हेही त्यांनीच ठरवावे. खिशात नाव व फोन नंबरची चिठ्ठी आणि शेजाऱ्यांना दिलेली कल्पना, ही दोन जुनी साधने सोडू नयेत. त्यांना बॅटरी लागत नाही.

२. मुलाला यंत्र दिल्यास त्याला सांगून द्यावे. कंपनीने दिलेला पासवर्ड पहिल्याच दिवशी बदलावा. मूल मोठे होईल तसतसे पाहणे कमी करावे व एक दिवस बंद करावे. सतत पाळतीखाली वाढलेले मूल खरे बोलायला शिकत नाही, यंत्र घरी ठेवून बाहेर पडायला शिकते.

३. नवराबायकोंनी एकमेकांची जागा पाहायची असेल तर दोघांनी दोघांची पाहावी, उघडपणे, आणि कोणालाही ती केव्हाही बंद करता यावी. संशयाचे औषध यंत्रात नाही. संशयी माणसाला ठिपका दिसला तरी संशय, न दिसला तरी संशय.

४. ट्रॅक्टर, मोटारसायकल किंवा पंपाला यंत्र लावण्यास हरकत नाही. पण ते वाहन चालवणाऱ्या गड्याला तसे सांगावे, आणि कामाच्या वेळेबाहेर त्याची नोंद पाहू नये.

५. आपल्याबरोबर अनोळखी टॅग फिरत आहे अशी सूचना मोबाइलवर आली तर दुर्लक्ष करू नये. मे २०२४ पासून ॲपल आणि गूगल या दोन्ही कंपन्यांनी ही सोय एकमेकांच्या मोबाइलवर चालेल अशी केली आहे. सिमच्या जीपीएस यंत्राची मात्र अशी सूचना येत नाही. म्हणून शंका आल्यास पर्सचे अस्तर, गाडीची सीट व बंपरचा आतला भाग तपासावा. यंत्र सापडल्यास फोटो काढून ठेवावा. जिवाला धोका वाटत असेल तर ते काढण्यापूर्वी ११२ वर पोलिसांना किंवा १८१ या महिला मदत क्रमांकावर कळवावे, कारण ठिपका थांबताच पाळत ठेवणारा सावध होतो.

६. विकत घेण्यापूर्वी दुकानदाराला तीन प्रश्न विचारावेत : माहिती कोणत्या कंपनीकडे जाते? ती किती दिवस ठेवली जाते? ती पुसायची असल्यास काय करावे? उत्तर मिळाले नाही तर पैसे खिशातच ठेवावेत.

हरवलेल्याला शोधणे हे प्रेमाचे काम आहे, आणि त्यासाठी यंत्राची मदत घेण्यात काही वावगे नाही. हरवलेले नसलेल्या माणसाचा माग काढत राहणे हे दुसरेच काम आहे. दोन्हीसाठी यंत्र एकच, म्हणून ते बांधताना आपण यांतले कोणते काम करतो आहोत, हे ज्याने त्याने स्वतःला विचारावे. आणि ज्याला बांधायचे आहे, त्याला तर अवश्य विचारावे.