मारामारींतील विनोद

इंदापूर तालुक्यांतील भिगवण असो, कीं भीमाकांठचें दुसरें एखादें गांव असो. जत्रा म्हटली कीं दोन फड आलेच. एक कुस्त्यांचा, दुसरा तमाशाचा. पहिल्यांत पैलवान प्रतिस्पर्ध्यास अस्मान दाखवितो, तर दुसऱ्यांत सोंगाड्या स्वतःच आपटून लोकांस हंसवितो. हे दोन फड एकत्र आले म्हणजे मारामारीचा विनोदी बोलपट जन्मास येतो.

मराठी माणसांत या प्रकाराचे मोठे उपासक म्हणजे भगवान पालव ऊर्फ मास्टर भगवान. १९१३ सालीं जन्मलेल्या या गिरणी-कामगाराच्या मुलानें मूकपटांत पदार्पण केलें व १९३८ सालीं चंद्रराव कदम यांच्यासमवेत ‘बहादुर किसान’ दिग्दर्शित केला. पुढें अनेक वर्षें थोडक्या खर्चांत साहसपट काढून त्यांनीं कामगारवर्गास रिझविलें.

दूरच्या थायलंडांतहि हीच जोडी जमली. २००३ सालच्या ‘ओंग-बाक’ चित्रपटांत मुआय थाई युद्धकलेंत तरबेज असलेला टोनी जा तारांच्या आधारावांचून उड्या घेत गल्लींतील अडथळे ओलांडतो. त्याच गल्लींत विनोदी नट पेचताय वोंगकामलाव धडपडतो. एकाची सफाई व दुसऱ्याची फजिती परस्परांस खुलवितात.

पण मार पाहून हंसूं कां यावें? मार खाणाऱ्यास खरी इजा झालेली नाहीं, अशी प्रेक्षकांची खात्री असते म्हणून. ही खात्री निर्माण करणें हेंच कौशल्य होय. हात गालाजवळून निसटतो, त्याच क्षणीं समोरचा मान फिरवितो आणि मधलें अंतर कॅमेऱ्यास दिसत नाहीं. परंतु हें माप चुकलें तर?

१९४२ सालीं ‘जंग-ए-आझादी’च्या चित्रणाचे वेळीं मास्टर भगवान यांची थपड ललिता पवार यांना प्रमाणाबाहेर जोरानें बसली. त्यांच्या चेहऱ्यास अर्धांगवायु झाला, सुमारें तीन वर्षें उपचार चालले आणि डाव्या डोळ्यांत कायमचा दोष राहिला. नायिकेच्या भूमिका संपल्या. तरीहि या मानी अभिनेत्रीनें चरित्रभूमिकांत नांव मिळविलें. ‘अनाडी’ (१९५९) मधील कामाबद्दल तिला फिल्मफेअर पारितोषिक लाभलें.

कुस्तीच्या हौद्यांतील माती आधीं उकरून मऊ करावी लागते, तेव्हां कोठें पैलवान निर्धास्तपणें एकमेकांस आपटतात. ती मेहनत प्रेक्षकांस दिसत नाहीं. पडद्यावरील हंसणेंहि अशाच मातीवर उभें असतें.