दावा मागें घेण्यापूर्वीं

शहाण्यानें कोर्टाची पायरी चढूं नये, ही म्हण घरोघरीं ठाऊक आहे. पण चढलेली पायरी उतरावी कशी, याचा विचार फार थोडे लोक करतात. आणि पुष्कळांचें नुकसान चढतांना न होतां उतरतांना होतें.

भंडारा जिल्ह्याच्या पवनी तालुक्यांत अड्याळ हें गांव आहे. समजा, तेथील एका शेतकऱ्यानें दुसऱ्यानें बळकावलेल्या शेताच्या ताब्यासाठीं दावा लावला आणि वादपत्रांत गट क्रमांकच चुकीचा पडला. कांहीं महिन्यांनीं सातबाराचा उतारा ताडून पाहतां चूक ध्यानांत येते. मनांत पहिला विचार येतो तो असा, कीं हा दावा काढून घ्यावा आणि नीट लिहून दुसरा लावावा.

वस्तुतः पहिला उपाय निराळा आहे. १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेंतील सहाव्या आदेशाचा सतरावा नियम वादपत्रांत दुरुस्ती करूं देतो; दावा कायम राहतो, चूक तेवढी निघते. मात्र २००२ च्या सुधारणेनें त्यास एक अट जोडली. सुनावणीस आरंभ झाल्यावर दुरुस्ती हवी असल्यास, योग्य दक्षता घेऊनही ती गोष्ट आधीं मांडतां आली नसती, अशी न्यायालयाची खात्री पटावी लागते. म्हणून चूक दिसतांच अर्ज करणें श्रेयस्कर.

दुरुस्तीनें भागत नसेल, तर तेविसाव्या आदेशाचा पहिला नियम लागू पडतो. वादीस दावा सोडून देतां येतो; पण नुसता सोडल्यास त्याच विषयावर नवा दावा लावण्याचा मार्ग बंद होतो आणि खर्चही अंगावर येऊं शकतो. मात्र औपचारिक दोषामुळें दावा फसणार असेल, किंवा तसेंच पुरेसें कारण असेल, तर न्यायालय नव्या दाव्याची मोकळीक ठेवून तो काढून घेऊं देतें. ही मोकळीक मागितल्याबरोबर मिळत नाहीं. प्रतिवादीस पुन्हां त्याच फेऱ्यांत ओढावयाचें असतें. म्हणून ती सहजासहजीं देऊं नये, असें सर्वोच्च न्यायालयानें २००० सालीं भूपति विरुद्ध कोकिला या प्रकरणांत बजावलें. उच्च न्यायालयांतील रिट अर्जांसही हेंच तत्त्व लागतें. परवानगीवांचून काढून घेतलेला अर्ज त्याच कारणासाठीं पुन्हां करतां येत नाहीं, असा निर्णय १९८६ सालीं सरगुजा ट्रान्सपोर्ट सर्व्हिसच्या प्रकरणांत झाला.

परवानगी मिळाली तरी एक धोका उरतोच. त्याच आदेशाचा दुसरा नियम सांगतो, कीं नव्या दाव्याची मुदत पहिला दावा लावलाच नव्हता असें धरून मोजावयाची. मालकीच्या आधारें ताबा मागण्यास १९६३ च्या मुदतीच्या कायद्यानें १२ वर्षें दिलीं आहेत. अकराव्या वर्षीं लावलेला दावा तेराव्या वर्षीं काढला, तर परवानगी खिशांत असूनही शेत हातचें जाऊं शकतें.

तेव्हां अर्जांत ‘दावा काढून घेतों’ एवढेंच लिहून थांबूं नये. दोष कोणता, तो दुरुस्तीनें कां निघत नाहीं, हें स्पष्ट मांडून नव्या दाव्याची परवानगी शब्दशः मागावी. मुदत किती उरली, तें वकिलाकडून आधींच मोजून घ्यावें. आणि हुकुमाची नक्कल हातीं येतांच तींत ती परवानगी उतरली आहे कीं नाहीं, तें स्वतः वाचून पाहावें.